रिकाम्या गोदामातली टाळी

दुकानात फोन आला तेव्हा मी चहाचं मिश्रण करत होतो. दाणेदार किती, भुकटी किती, हे काम मालकाने स्वतःच्या हाताने करायचं, असं वडिलांनी शिकवलंय, आणि ते चालू असताना मी फोन घेत नाही. त्या दिवशीही घेतला नाही. दोनदा वाजून थांबला. तिसऱ्यांदा वाजला तेव्हा चिडून, भुकटीने माखलेल्या हातानेच उचलला. नरडाणा स्टेशनवरून कोणीतरी बोलत होतं. "मदनशेठ का? यशवंतभाऊ गया... सकायमा, ड्यूटीवरच. छातीमा दुखनं म्हणे, बाकडावर बसना, नि मंग उठनाच नही." मी 'बरं' म्हणालो. माणूस मेल्याची बातमी ऐकून 'बरं' म्हणणारा मी एकटाच असेन. फोन ठेवला, पुन्हा पाटीपाशी गेलो आणि राहिलेली भुकटी कशीबशी मिसळून टाकली. त्या दिवसाचा चहा इतका कडू झाला की चार गिऱ्हाइकांनी पुड्या परत आणून दिल्या. मी त्या परत घेऊन पैसे दिले.

त्याला आता सहा आठवडे झाले. या पुरवणीच्या वाचकांपैकी ज्यांनी दहा-पंधरा वर्षांपूर्वी जळगाव-धुळ्याकडे गणपतीतले कार्यक्रम पाहिले असतील, त्यांना 'उचकीवाला' कदाचित आठवेल. केसांचा कोंबडा खोबरेल तेलाने वर चढवलेला, पांढरी पँट, पोटावर इंग्रजी एफच्या आकाराची दोन भोकं असलेली जुनी गिटार, आणि शेजारी चहाच्या खोक्यावर पाय ठेवून एक जाड मारवाडी. तो उचकीवाला म्हणजे यशवंता. जाड मारवाडी मी. लोकांना तो नकलाकार वाटायचा. नकलाकार नव्हता, हे सांगायलाच मी बसलोय, आणि आणखी एक गोष्ट सांगायला, जी पंधरा वर्षांत मी कुणाला सांगितलेली नाही.

आमची ओळख जळगावच्या कॉलेजच्या स्नेहसंमेलनातली. खुर्च्या लावायचं काम माझ्याकडे होतं. एक सडपातळ मुलगा गिटार घेऊन हॉलमध्ये शिरला, मधोमध उभा राहिला आणि त्याने एकच टाळी वाजवली. मग मान तिरकी करून थांबला. मला वाटलं, शिपायाला बोलावतोय. तो माझ्याकडे बघून म्हणाला, "मरेल हॉल शे." ही त्याची खोड मरेपर्यंत गेली नाही. कुठेही शिरला की एक टाळी. वेटिंग रूम, विहीर, जिन्याखालची जागा, माझ्या लग्नाचं कार्यालय... माझे सासरे तर पहिल्यांदा दचकलेच. टाळी परत कशी येते त्यावरून तो जागेची किंमत करायचा. टाळी वाजली आणि लगेच, अगदी पाठोपाठ, तिची दुसरी टाळी परत आली, की ती जागा जिवंत. नाही आली, की मेलेली.

हे वेड त्याला भुसावळात लागलं. वडील रेल्वेत पॉइंट्समन. आधी नरडाण्याला होते, मग बदली होऊन भुसावळला आले. क्वार्टर्सच्या पलीकडच्या ओळीत डेरिकसाहेब म्हणून इंजिन ड्रायव्हर राहायचे, अँग्लो-इंडियन, एकटेच. त्यांच्याकडे ग्रामोफोन होता आणि अमेरिकेतल्या जुन्या रेकॉर्डी होत्या. ते त्या गाण्यांना रॉकॅबिली म्हणायचे. यशवंता त्याला 'सांध्यांचं गाणं' म्हणे, कारण ती गिटार रुळांच्या सांध्यांवरून गाडी जावी तशी टकटक करत पळायची, आणि गाणारा मध्येच आवाज तोडून उचकी द्यायचा. त्या रेकॉर्डींत प्रत्येक आवाजामागे त्याची सावली ऐकू यायची. साहेबांनी त्याला सांगितलं होतं की ही सावली जागेतून येते. मुलीकडे इंग्लंडला कायमचे निघाले तेव्हा साहेबांनी गिटार, रेकॉर्डी आणि एक पत्र्याची ट्रंक या मुलाला देऊन टाकली. महिन्याला एक पत्र यायचं. एका पत्रात वर्तमानपत्राचं कात्रण होतं, तिकडची तरुण पोरं पुन्हा केसांचे कोंबडे काढून तीच जुनी गाणी वाजवायला लागली आहेत म्हणून. यशवंताने ते कात्रण इतक्यांदा दाखवलं की घड्यांवर फाटलं. "देख मदन, बठ्ठं परत ई राहिनं. आपलाबी टाइम ऊना." सगळं परत येतंय, आपलीही वेळ आली... त्या काळी जळगावात डिस्को चालू होता आणि ऑर्केस्ट्रावाले कॅसिओ विकत घेत होते. पण त्याच्यापुढे हे बोलण्याची सोय नव्हती.

मी त्याच्यात कसा ओढला गेलो ते मलाही नीट कळलेलं नाही. तिकडे म्हणे गरिबांच्या पोरांनी मोठं बेस वाद्य परवडत नाही म्हणून चहाच्या खोक्यापासून ते केलं होतं. आता चहाचं खोकं म्हणजे आमच्या घरात वाण्याच्या घरी गूळ असावा तसं. आसामहून प्लायवूडची, कडांना पत्र्याच्या पट्ट्या ठोकलेली खोकी यायची. एक उपडं घातलं, मधोमध भोक पाडलं, वर खराट्याची काठी लावली. दोरी कोणतीही लावून आवाज येईना. शेवटी यशवंता मेहरूणकडच्या एका पिंजाऱ्याकडे गेला आणि त्याच्या धनुष्याची तात घेऊन आला. कापूस पिंजायची ती तात खोक्यावर ताणली, काठी मागे ओढली, आणि 'धुम' असा आवाज आला की गल्लीतलं कुत्रं उठून बसलं. मी बोटाने ओढायचो, मग सोडताना ती काठीवर आपटायची. धुम-टक, धुम-टक. दर रविवारी सकाळी मेहरूण तलावावर सराव. बोटांना फोड आले की वडील विचारायचे, "गल्ल्यावर बसून फोड कसे येतात रे?" मी सांगायचो, पोती उचलली. खोटं बोलण्याची माझी सवय तिथलीच.

तिसरा कोणी आमच्यात टिकला नाही. पण आम्ही दोघे फिरलो खूप. गाणी तो स्वतः करायचा, काही मराठी, बरीचशी आपल्या अहिराणीत. त्यातलं लोकांना आवडलेलं एक नरडाण्याच्या स्टेशनवरचं होतं... 'गाडी ऊनी, गाडी गई, उतरनं कोणीच नही.' बस, एवढंच, आणि त्यावर उचक्या. रावेरला एका केळीवाल्या पाटलाच्या घरच्या लग्नात तो हे गात होता. तीन-चार उचक्या झाल्यावर एक आजोबा तांब्या घेऊन स्टेजवर चढले. "आधी पानी पी ले बेटा, मंग गा." लोक हसून हसून लोळले. यशवंताने गाणं थांबवलं, तांब्या घेतला, घटाघटा पाणी प्यायला, तांब्या वाजवून बघितला आणि पुढचं कडवं त्याच तालात धरलं. त्याच्या वस्तीत जयंतीच्या कार्यक्रमात पहिल्यांदा गायला तेव्हा म्हातारी मंडळी कुजबुजायला लागली होती, हे कसलं विलायती गाणं म्हणून. तिथले एक आबा उठून म्हणाले, "गानं कोठलं शे ते नका इचारा. पाय हालस का तेवढं सांगा." पाय सगळ्यांचेच हलत होते.

एवढं असून पोट भरत नव्हतं, आणि त्याला फक्त पोट भरायचं नव्हतं. त्याला एक कॅसेट हवी होती. तो आवाज, सावलीसकट, कुठेतरी उतरवून ठेवायचा आणि एक प्रत डेरिकसाहेबांना पाठवायची. एवढंच त्याचं मागणं होतं आयुष्याकडे. आणि ती जागा आम्हाला सापडली होती. धुळ्याला माझ्या मामांची जिनिंग होती, कापसातून सरकी काढायचा कारखाना, तिच्यात कापसाचं लांबच लांब गोदाम. विटांच्या भिंती, वर पत्रा. एका मे महिन्यात सहज म्हणून त्याला तिथे नेलं. गोदाम रिकामं, झाडून लख्ख. त्याने टाळी वाजवली आणि पाठोपाठ टाळी परत आली... अगदी रेकॉर्डीतल्यासारखी. तो खाली जमिनीवरच बसला. डोळ्यांतलं पाणी पुसलंही नाही त्याने. "डेरिकसाहेबले हाई ऐकाडनं पाहिजे," एवढंच म्हणाला.

त्याच वर्षी भाद्रपदात मुंबईच्या एका कॅसेट कंपनीचा माणूस मशीन घेऊन धुळ्याला आला. अहिराणी गाणी उतरवायला आला होता. आमचा कार्यक्रम ऐकून त्याने स्वतःहून विचारलं. म्हणाला, आता पितृपंधरवडा लागतोय, मुहूर्त नाही म्हणून कोणी रेकॉर्डिंगला येत नाही, माझं मशीन रिकामं पडून राहणार. हवे तेवढे दिवस घ्या, निवांत करू. गोदामही रिकामं. यशवंताचे डोळे चमकले. पितृपंधरवडा वगैरे त्याला लागू नव्हता, त्याच्या घरी बुद्धवंदना चालायची. तो म्हणाला, "मदन, मामासले इचार. उद्यापासून लागू."

मी दुसऱ्या दिवशी येऊन सांगितलं, मामा नको म्हणतात. पंधरवड्यात जिनिंगमध्ये गाणं-बजावणं चालणार नाही म्हणतात. दसऱ्याला करू, चांगला दिवस आहे.

मामांना मी विचारलंच नव्हतं. हे आज पहिल्यांदा लिहितोय. त्या वर्षी चैत्रात माझे वडील गेले होते. तो त्यांचा पहिलाच पंधरवडा. घरात पान वाढायचं आणि मी तिकडे खोक्यावर धुम-टक करायचं... माझं धाडस झालं नाही. वडिलांना मी पोती उचलतो म्हणून सांगितलं होतं. आता त्यांना वर सगळं दिसत असेल असं वाटायचं. यशवंताला हे सांगितलं तर तो हसेल, असंही वाटलं. म्हणून मामांचं नाव पुढे केलं. मामांसारखा गाणंप्रेमी माणूस हयातीत कोणाला नाही म्हणाला नव्हता. यशवंता म्हणाला, "बरं. दसरा त दसरा." दर दसऱ्याला तो आईला घेऊन नागपूरला जायचा, धम्मचक्र प्रवर्तनदिनाला. एक वर्ष चुकवलं नव्हतं. त्या वर्षी त्याने आईला शेजाऱ्यांबरोबर पाठवलं.

कापसाच्या मुलखात वाढलेल्या माणसाला दसरा म्हणजे काय ते माहीत हवं. जिनिंगमध्ये त्या दिवशी वजनकाट्याची पूजा होते, काट्याला झेंडूचा हार घालतात, आणि नव्या हंगामाचा कापूस यायला लागतो. माझा मामा जिनिंगवाला, मी जन्मभर दसऱ्याला मामाकडे जिलेबी खायला गेलेला, आणि हे माझ्या डोक्यात आलं नाही! त्या वर्षी वेचणी लवकर झाली होती. आम्ही खोकं आणि गिटार घेऊन पोचलो तेव्हा गोदामात तीन बाजूंनी छातीच्या वर कापूस लागला होता आणि फाटकाबाहेर गाड्यांची रांग होती. मी खोकं आत नेलं, यशवंता फाटकापाशी मामांशी दोन शब्द बोलून मागून आला. पांढराशुभ्र, बघायला इतका सुंदर कापूस. यशवंता मधल्या मोकळ्या जागेत गेला आणि टाळी वाजवली. काही परत आलं नाही. थोडं पुढे सरकून पुन्हा वाजवली. मग भिंतीकडे, मग दाराकडे... कापूस सगळं गिळून बसला होता. तो माझ्याकडे बघून हसला.

रेकॉर्डिंग झालं. कंपनीच्या माणसाला दुसऱ्या दिवशी मुंबई गाठायची होती. त्याने हेडफोन कानाला लावून ऐकलं आणि मान हलवली, आवाज गादीत गुंडाळल्यासारखा येतोय म्हणाला. मुंबईला मशीनवर एको टाकून बघतो म्हणाला. टाकलाही असेल. दोन महिन्यांनी कॅसेट पोस्टाने परत आली, सोबत दोन ओळींची चिठ्ठी. यशवंताने एकदा ऐकली आणि म्हणाला, "यानामा मी कोठेच नही शे." डेरिकसाहेबांना पाठवली नाही. पुढच्या पावसाळ्यात साहेब वारल्याचं त्यांच्या मुलीचं पत्र आलं.

मग एकेक गोष्ट सुटत गेली. कॅसिओने ऑर्केस्ट्रातली गिटार खाल्ली. यशवंताचे वडील नोकरीत असतानाच गेले आणि त्यांच्या जागेवर त्याला घेतलं, नेमणूक नरडाण्याला. ज्या स्टेशनचं गाणं केलं, तिथेच हिरवा-तांबडा झेंडा घेऊन उभा राहिला. सुमनवहिनींशी लग्न झालं. मी दुकानात गुंतलो. दर वर्षी एप्रिलच्या शेवटी त्याचं पोस्टकार्ड यायचं, त्यात एकच ओळ : 'गोदाम रिकामं झालं. येतोस?' मी उलट टपाली कळवायचो... लगीनसराई आहे, पुढच्या वर्षी नक्की. एकदा मुलाची मुंज, एकदा पाठीचं दुखणं. कारणं खरी होती सगळी. पण खरं कारण असं की त्या गोदामात त्याच्यासमोर उभं राहायची मला लाज वाटत होती. तिथे गेलो असतो तर बोलावं लागलं असतं. दोन-चार वर्षांत मामा गेले, तेव्हा माझं खोटं पकडणारं कोणी उरलं नाही म्हणून मला सुटल्यासारखं वाटलं. मामांच्या चितेपुढे उभं राहून हे वाटलं. माणूस किती खाली जाऊ शकतो, याचा मला पुरेसा अनुभव आहे.

यशवंताच्या पुण्यानुमोदनाला, म्हणजे त्यांच्याकडच्या श्रद्धांजलीच्या कार्यक्रमाला, नरडाण्याला गेलो. क्वार्टरच्या अंगणात मांडव, त्रिशरण झालं, लोक बोलले. रेल्वेतल्या लोकांनी सांगितलं की तो कधी उशिरा आला नाही आणि वेटिंग रूममध्ये शिरताना टाळी वाजवायचा, त्यामुळे झोपलेले प्रवासी दचकायचे. सगळे हसले, मग रडले. लोक पांगल्यावर सुमनवहिनींनी आतून डेरिकसाहेबांची ती ट्रंक ओढत आणली. आत अकरा कॅसेटी, प्रत्येकीवर वर्ष लिहिलेलं. "मदनभाऊ, हाई तुमनं शे. दर साल सुट्टी टाकीसन धुळाले जायेत. एकलाच. टेप ली जायेत नि गाई येत." मी म्हणालो, एकट्याने कसं गाणार, बेस नसताना... त्यांनी माझ्याकडे बघितलं. मग हळूच म्हणाल्या, "त्यासले माहीत व्हतं."

"काय?"

"तुम्ही मामासले इचारेलच नही व्हतं ते. दसराना दिवशीच मामासनी सांगेल व्हतं त्यासले. पंधरा दिन आधी येतात त गोदाम खाली व्हतं, मी कसाले नही म्हणसू, आसं."

म्हणजे तो हसला तेव्हा त्याला ठाऊक होतं... मी विचारलं, मग तो मला कधी बोलला का नाही? वहिनींनी पदराने डोळे टिपले. "मीबी इचारं. त म्हणेत, त्याना बाप गयेल व्हता ना त्या साले. घाबरी गया व्हई."

जो हसेल म्हणून मी खोटं बोललो, त्याला माझी भीती त्याच दिवशी कळली होती, आणि त्याने ती पंधरा वर्षं झाकून ठेवली. मी मात्र त्याची पोस्टकार्डं चुकवत राहिलो. तो मला गोदामात बोलावत होता तो जाब विचारायला नव्हे. त्याला फक्त माझं खोकं हवं होतं.

आता दसरा जवळ आलाय. धुळ्याच्या गोदामात कापूस लागायला सुरुवात झाली असेल. आमचं खोकं दुकानाच्या माळ्यावर होतं, बायकोने त्यात रिकाम्या पुड्यांच्या पिशव्या भरून ठेवल्या होत्या. त्या काढल्या. काठी वाळवीने खाल्लेली, तात केव्हाच तुटलेली. मेहरूणला गेलो तर तो पिंजारी आता नाही, त्याच्या जागी फोमच्या गाद्यांचं दुकान आहे. सुताराकडून नवी काठी करून घेतली आणि नायलॉनची दोरी लावली. दुपारी गिऱ्हाईक नसतं, तेव्हा शटर अर्धं ओढून पहिली कॅसेट लावली.

आधी खरखर. मग टाळी... आणि पाठोपाठ तिची दुसरी टाळी. रिकामं गोदाम, लख्ख. मग त्याचा आवाज, "मदन, तयार शे का?" आणि तो थांबतो. मी मोजलंय, चार आकडे होतील एवढा. मग गिटार सुरू होते आणि तो नरडाण्याचं गाणं धरतो. वरच्या तारा तेवढ्या वाजवतो. खालची, माझी जागा त्याने मोकळी सोडलीय. अकराही कॅसेटींत असंच आहे. टाळी, प्रश्न, चार आकडे, गाणं. आवाज दर वर्षी थोडा जड होत गेलाय, उचक्या कमी झाल्यात, पण चार आकडे तेवढेच.

पहिल्या वेळी माझा हात दोरीवर पोचलाच नाही. दुसऱ्या वेळी पोचला, पण मी अर्ध्या मात्रेने मागे राहिलो. मेहरूण तलावावर मी असा मागे राहिलो की यशवंता गिटार थांबवायचा, हसायचा, 'परत' म्हणायचा आणि पहिल्यापासून धरायचा. मी सवयीने दोरी सोडून थांबलो, तो थांबेल म्हणून. गाणं तसंच पुढे गेलं, आणि मी एका हातात काठी धरून, एक पाय खोक्यावर ठेवून, ते संपेपर्यंत उभा राहिलो.